उदमांजर नक्की कुठलं? गावच्या प्राणी-वहीचं दुसरं वर्ष

मंडळी, दिवाळीनंतर वहीबद्दल काहीच लिहिलं नव्हतं, म्हणून आज सगळं एकदम लिहिते. नवीन कोणी असेल तर थोडक्यात सांगते, आमचं गाव संगमेश्वर तालुक्यात, घाटाच्या पायथ्याला, आणि गावाच्या हद्दीत जेवढे सस्तन प्राणी आहेत त्यांची मी वही करतेय. एका प्राण्याला एक पान. पानावर गावातलं नाव, ते कोणी सांगितलं, ठसा, विष्ठा, खाणं, महिना. आजपर्यंत २६ पानं उघडलीत, त्यातली १७ पक्की, म्हणजे मी स्वतः पाहिलंय किंवा फोटो तरी आहे नाहीतर ठसा. उरलेली ९ ऐकीव.

पुस्तकं दोनच वापरते. एक प्रेटरचं 'द बुक ऑफ इंडियन ॲनिमल्स', बीएनएचएसचं (बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी), मुळात १९४८ सालचं, माझ्याकडे १९७१ च्या तिसऱ्या आवृत्तीची प्रत आहे, आणि दुसरं विवेक मेनन यांचं २०१४ चं फील्ड गाईड. प्रेटर वाचायला आजही फार आवडतं, प्राणी कसा वागतो ते त्यात असं लिहिलंय की डोळ्यासमोर उभा राहतो, पण शास्त्रीय नावं मात्र तिथून उचलू नका. गेळा, म्हणजे आपलं पिसोरी हरीण, २००५ साली श्रीलंकेतल्यापासून वेगळं काढलं आणि भारतातल्याचं नाव मॉस्किओला इंडिका झालं. मुंगसाचं हर्पेस्टिसही गेलं, आता उर्व्हा. मी प्रत्येक पानावर जुनं नाव खोडत नाही, खाली नवीन लिहिते, कारण जुने लेख शोधताना जुनंच नाव लागतं.

आता मुख्य गोष्ट. उदमांजराच्या पानाने मला सहा महिने चुकवलं.

झालं असं की वरच्या वाडीत उदमांजर म्हणजे झाडावर चढणारं, फणस-काजू खाणारं, काही जण त्यालाच कांडेचोर म्हणतात. नदीकाठच्या वाडीतल्या आजोबांनी पण मला उदमांजर सांगितलं, पहाटे कोंडीजवळ, म्हणजे नदीतल्या डोहाजवळ, जोडी दिसते म्हणाले, आणि मी ते सरळ त्याच पानावर लिहून मोकळी झाले. पावसाळा संपल्यावर त्यांच्याबरोबर कोंडीवर गेले तेव्हा कळलं. पाण्यालगतच्या खडकावर विष्ठा, काळपट, माशांची खवलं चमकत होती आणि खेकड्याच्या कवचाचे लालसर तुकडे, वास असा की हाताला लागला तर दिवसभर जाणार नाही. शेजारच्या ओल्या वाळूत ठसा, पाचही बोटं पसरलेली आणि बोटांच्या मधे पडद्याची पुसट रेघ. पाणमांजर! हिंदीत ऊदबिलाव म्हणजे पाणमांजरच, संस्कृतात उद्र म्हणजेही तेच, आणि मराठीत शब्दशः तेच नाव मात्र झाडावरच्या प्राण्याला चिकटलंय. आजोबांचं काहीच चुकलं नव्हतं, उलट त्यांच्याकडे जुना अर्थ टिकून राहिलाय. मी नाव लिहिलं पण त्यांचं वाक्य लिहिलं नाही, चूक ती होती.

तेव्हापासून नियम केलाय, नुसतं नाव लिहायचं नाही, सांगणारा जे बोलला ते आख्खं वाक्य लिहायचं.

झाडावरच्या उदमांजराचं पान आता वहीतलं सगळ्यात भरलेलं पान आहे. गडग्यावरच्या एका सपाट दगडावर मला पुन्हापुन्हा विष्ठा सापडते, मार्चमध्ये तर तिच्यात भेरली माडाच्या बियाच बिया होत्या, एका ढिगात ३१ मोजल्या, धुऊन वाळवून डबीत ठेवल्यात, त्यातल्या १० पिशवीत लावल्यात, बघू किती उगवतात. मे महिन्यात त्याच दगडावर करवंदाच्या बिया.

कॅमेरा ट्रॅपबद्दल, म्हणजे समोर काही हललं की आपोआप फोटो काढणाऱ्या कॅमेऱ्याबद्दल, बऱ्याच जणांनी विचारलं होतं. मी सेकंडहँड घेतलाय आणि फक्त आमच्या काजूच्या बागेत लावते, जंगलात लावायचा असेल तर वनखात्याची लेखी परवानगी लागते, ते कृपया कोणी टाळू नका. पहिल्या ११ रात्री नुसतं हलणारं गवत आणि आमचाच कुत्रा, कार्ड भरून जायचं. समोरचं गवत कापलं, कॅमेरा गुडघ्याइतका खाली आणला, आणि बाराव्या रात्री २ वाजून १० मिनिटांनी तो आला. अंगावर ठिपक्यांच्या रांगा, शेपटीवर स्पष्ट कडी. झाडावरच्याच्या शेपटीवर अशी कडी नसतात, ती एकसारखी काळपट असते. म्हणजे हे जवादी मांजर! फोटो आत्याला दाखवला तर ती लगेच म्हणाली, "अगं हे भुईवरचं उदमांजर, झाडावरचं वेगळं." पुस्तकात जो फरक वाचायला मला वर्ष लागलं तो तिला कायम माहीत होता, विचारलंच नव्हतं कोणी. पान क्रमांक १७ ते.

खारींचं पण सांगते पटकन. पुण्यात आमच्या सोसायटीतल्या खारीच्या पाठीवर पाच पट्टे आहेत, गावच्या रानातलीच्या तीन. दोन्हीला खार म्हणून सोडून देऊ नका, फोटो पाठीचा घ्या.

वटवाघळांचं एकच पान आहे आणि तेही कच्चं. पण कर्नाटकात, बेळगाव जिल्ह्यातल्या तळेवाडीजवळच्या बारापेडे गुहेतलं ते मोठ्या कानांचं वटवाघूळ, १९१३ मध्ये त्याचं वर्णन झालं आणि पुढे कित्येक दशकं सगळ्या जगात तेवढ्या एका गुहेतूनच ते माहीत होतं. हे वाचल्यापासून आमच्या देवळामागची कपार मला स्वस्थ बसू देत नाहीये.

खवले मांजराचं पान आहे, पक्कं आहे, पण ते मी कोणालाच दाखवणार नाही, जागा, महिना काहीच नाही. आयनॅचरलिस्टवर, म्हणजे लोक आपल्या निसर्गातल्या नोंदी जिथे टाकतात त्या वेबसाइटवर, धोक्यातल्या जातींची जागा आपोआप धूसर होते, पण फोटोच्या मागे ओळखू येणारा डोंगर किंवा देऊळ असेल तर त्याचा काय उपयोग, तेव्हा फोटो टाकण्याआधी कडा कापा, हात जोडून सांगते.

पुढच्या फेरीला साळिंदराचं पान पुरं करायचंय, काटे मिळालेत ४, ठसा अजून नाही, आणि भेकर नुसतं भुंकताना ऐकलंय, चार वेळा, सगळं संध्याकाळी. तुमच्याकडे भुईवरच्या उदमांजराला वेगळं नाव असेल तर कळवा, गाव-तालुका सांगा, आणि ज्यांनी सांगितलं त्यांचं वाक्य जसंच्या तसं लिहा.