डावा कान

30 सप्टेंबर, पहाटे

आज पाऊस उघडलाय म्हणून माय अंगणात बाजेवर, मी ओट्यावर. घराला स्लॅब आहे, पण 32 वर्षांत ती एक रात्र त्याखाली झोपली नाही. फार पाऊस आला तर पत्र्याखाली सरकते. यंदा तर महिनाभर तिथंच मुक्काम, सोयाबीन सगळं पाण्यात.

1993 ला किल्लारीचा भूकंप झाला तेव्हा मी पुण्यात होतो. बावीस वर्षांचा, केस उभे, कानात सेफ्टीपिन. अनंत चतुर्दशीची मिरवणूक पहाटेपर्यंत चाललेली, आम्ही बँडवाले चौघं लक्ष्मी रोडला ढोल-ताशापुढं नाचत होतो. 3 वाजून 56 मिनिटांनी काय करत होतो आठवत नाही. ओरडतच असणार. इकडं गाव विसर्जन करून दमून माळवदाखाली झोपलेलं. दोन-दोन हात जाड दगडमातीच्या भिंती, वर लाकूड, त्यावर पिढ्यान्‌पिढ्या थापलेली माती. उन्हाळ्यात गार राहतं म्हणून आजीला त्या घराचा कोण अभिमान! ती आणि धाकटी बहीण तिसऱ्या दिवशी सापडल्या. माय-दादा त्या रात्री शेतातल्या आखाड्यावर होते म्हणून वाचले. दादांची भजनातली पेटीही ढिगाऱ्यातून निघाली, भाता फाटलेला. अजून कपाटावर आहे.

माझी गाणी त्यातून आली असं लोकांना वाटतं. मुलाखतीत मीही तसं बोललोय. खोटं आहे. तीन कॉर्डवर किंचाळायला मी आधीच शिकलो होतो, दादांच्या भजनाचा वैताग येऊन. भूकंपावर एक ओळ जमली नाही.

नव्या गावात रस्ते सरळ, प्लॉट ऐसपैस. जुन्या गावात माळवदावरून माळवदावर जात आख्खी गल्ली ओलांडता यायची. इथं शेजारणीला हाक मारायची तर मायला फाटकापर्यंत जावं लागतं.

तीस वर्षं अँपसमोर उभं राहून माझा उजवा कान गेला. डाव्यात सतत शिट्टी. 2022 ला निलंगा तालुक्यात हासोरीला जमिनीतून आवाज यायला लागले, तेव्हा माय म्हणाली होती, "मला तर रोजच येतेत."

मघाशी तिनं विचारलं, "आवाज आला का रं?"

"न्हाई."

"तुझ्या कानाचं काय खरं," म्हणाली, आणि बाजेवरून वाकून तळहात जमिनीला लावून बघितला.

मीही लावला.