पाचगणीतल्या लग्नाचा हिशेब

धाकट्या बहिणीचे लग्न पाचगणीच्या आलिशान रिसॉर्टमध्ये करायचे ठरल्यावर मी सर्वांत आधी पाहुण्यांची यादी हाती घेतली, कारण साताऱ्याच्या मंगल कार्यालयात पन्नास पाने वाढली तरी निभावते, इथे मात्र प्रत्येक माणसामागे ताट आणि खोली असे दोन्ही खर्च चढतात. ज्या खोलीचे भाडे रात्रीला ७,५०० रुपयांहून अधिक, तिच्यावर १८ टक्के जीएसटी लागतो. म्हणून दरपत्रक करासहितच मागावे. पसरणी घाट चढणाऱ्या वऱ्हाडाच्या गाड्या आणि जनरेटर यांचा खर्चही त्यातच धरावा. मे महिन्यात भाव चढे असतात. हळद आदल्या दिवशी घरीच केली, तर एका रात्रीच्या खोल्या वाचतात आणि आजीच्या मनाजोगता अंगणात मांडवही पडतो. मानपानाच्या साड्यांत मात्र मी काटकसर करणार नाही.