बाँडायची पहाट

२६ नोव्हेंबर २०२२. सिडनीच्या बाँडाय बीचवर एरवी नग्नतेला बंदी. पण नग्न माणसांच्या एका सामूहिक छायाचित्रासाठी मुद्दाम नियम बदलला होता. छायाचित्रकार स्पेन्सर ट्यूनिकनं सुमारे २,५०० माणसं बोलावली, कारण ऑस्ट्रेलियात वर्षाला साधारण तेवढेच लोक त्वचेच्या कर्करोगानं जातात. आमच्या शेजारच्या आजी त्यांतल्याच, म्हणून मी गेले.

अंधारातच जमलो. कपडे काढताना हात थरथरत होते, पोटात गोळा आलेला. मग गार वाळू तळव्यांना लागली. पुढच्या बाईच्या खांद्याखाली टाक्यांचा पांढरा, लांबट व्रण होता. त्यावरून माझी नजर हटेना. लाज कधी गेली, कळलंच नाही.

आईला अजून सांगितलेलं नाही. दिवाळीत सांगणार आहे.