ला शाझ द पेर: पाटी जुनी, कारभार नवा

फ्रान्समधल्या ल प्वीहून स्पेनमधल्या सान्तियागो या तीर्थक्षेत्राकडे निघालेल्या वाटेवर पाचव्या दिवशी सकाळी आम्ही ओमों-ओब्राक सोडले आणि तासाभरात ला शाझ द पेर या खेड्यात पोहोचलो. ग्रॅनाइटची घरे, चर्च आणि भोवती कुरणे, एवढाच पसारा. आळंदी-पंढरपूर चाललेल्या माणसाला इथली शांतता आधी अंगावर येते. ना टाळ, ना दिंडी, फक्त वाट दाखवायला खांबांवर रंगवलेल्या लाल-पांढऱ्या पट्ट्या.

पाणी भरून देणाऱ्या आजींना मी, हे पेर आं ओब्राकच ना, असे नकाशात पाहून विचारले. कागदावर ते खरे, पण हे शाझ, असे त्यांनी ठामपणे सांगितले.

१ जानेवारी २०१७ रोजी ओमों-ओब्राक, शाझ, फो द पेर, झाव्होल, सेंत कोलोंब द पेर आणि सें सोव्हर द पेर या सहा गावांची मिळून ‘पेर आं ओब्राक’ नावाची एक कम्यून, म्हणजे फ्रान्समधली ग्रामपंचायत, झाली आणि कारभाराचे मुख्य ठिकाण ओमोंला राहिले. आपल्या गट ग्रामपंचायतीची आठवण झाली, पण आपल्याकडे वाड्या वेगळी पंचायत मागतात आणि इथे वेगळी असलेली गावे एकत्र आली. ही गावे ज्यात येतात तो लोझेर हा मुख्य भूमीवरील फ्रान्सचा सर्वांत विरळ वस्तीचा जिल्हा. शे-दोनशे माणसांसाठी स्वतंत्र महापौर आणि स्वतंत्र अंदाजपत्रक चालवणे किती जड जात असेल, हे रिकाम्या गल्लीतून चालताना वेगळे सांगावे लागत नाही. कायद्याने जुन्या गावाला उपमहापौरासारखा प्रतिनिधी आणि जन्म-विवाहाच्या नोंदी करणारे उपकार्यालय ठेवता येते, म्हणजे शाझचे नाव दप्तरातूनही लगेच पुसले जात नाही.

नवे नावही खरे तर नवे नाही. ‘पेर’ म्हणजे ऑक्सितान भाषेत दगड, आणि जेव्होदां या इथल्या जुन्या प्रांताच्या आठ जहागिऱ्यांपैकी एक पेरची होती. या गावांच्या नावांच्या शेवटी ते शतकानुशतके चिकटून होतेच. नाव निवडणाऱ्यांनी निदान उपरे काही शोधले नाही, हे मला आवडले. वाटेला मात्र या कशाशीच देणेघेणे नाही: वारीत लोणंदचा मुक्काम कोणत्या तालुक्यात पडतो हे कोण विचारतो?

चर्चपाशी बूट सैल करून पाय मोकळे केले, आजींच्या पाण्याने बाटली भरलेली होतीच. पुढे लाब्रोची वस्ती, मग पठार आणि काजळ घातल्यासारख्या डोळ्यांच्या फिक्या तपकिरी ओब्राक गाई. त्यांच्यापाशी पोहोचायच्या आत पाऊस आला.