साल्हेर आणि के-टू
नाशिकहून पहाटे निघून आज साल्हेर किल्ला केला, पोटऱ्या जाम बोंबलतायत. वर परशुरामाच्या देवळापाशी भन्नाट वारा, समोर सालोटा, लांब मांगी-तुंगीचे सुळके, आणि सोबतचा गावातला दादा बोट दाखवून एकेक नाव सांगत होता, साधी टेकाडंपण सोडली नाहीत पठ्ठ्याने! आणि तिकडे जगातलं दोन नंबरचं उंच शिखर, 8611 मीटरचा के-टू बघा, त्याला तिकडच्या लोकांचं धड नावच नाही! 1856 मध्ये मॉन्टगोमेरी नावाच्या सर्व्हेवाल्याने काश्मीरच्या हरमुखवरून, दोनशेहून जास्त किलोमीटर लांबून बघितला, काराकोरम रांगेतल्या शिखरांच्या यादीत नंबर दोन, म्हणजे के-टू, म्हणून टिपून ठेवला आणि तेच चिकटलं. यादीतल्या पहिल्या के-वनला निदान मशेरब्रुम हे तिकडच्या लोकांचं नाव मिळालं, पण के-टू वाटेवरच्या शेवटच्या अस्कोले गावातूनसुद्धा दिसत नाही, मग बारसं करणार कोण. असो, येताना सटाण्यात मिसळ हाणली, तर्री लई जहाल होती राव.