निवृत्तीला चार महिने असताना निघालेली वसुली

फेब्रुवारी २०२३ मध्ये माझं सेवापुस्तक वेतन पडताळणीहून परत आलं. मेअखेर मी वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त होणार होते. पान उघडलं तर मार्च २००९ च्या पदोन्नतीच्या नोंदीशेजारी लाल शाईत शेरा: १ जुलै २००९ रोजी पदोन्नतीला सहा महिने पूर्ण नसताना वेतनवाढ दिली, वेतन पुन्हा निश्चित करून अतिप्रदान (जादा दिलेली रक्कम) वसूल करावे.

तेव्हा ती वाढ महिन्याला तीनशे रुपयांच्या आसपास होती. पण चुकीच्या मूळ वेतनावर दरवर्षीची ३ टक्के वाढ चढत गेली, महागाई भत्ता चढला. सातव्या वेतन आयोगात १ जानेवारी २०१६ ची वेतननिश्चिती करताना त्याच आकड्याला २.५७ ने गुणलं. चौदा वर्षांचा हिशेब निघाला १ लाख ६२ हजार. ना नोटीस, ना म्हणणं मांडायची संधी. थेट उपदानातून, म्हणजे ग्रॅच्युइटीतून, कपातीचा आदेश.

अधीक्षक म्हणाले, "ताई, संमतीपत्रावर सही करून टाका, नाहीतर पेन्शनची केस अडकेल." त्यांचा हेतू वाईट नव्हता, केस वेळेत महालेखापालांकडे जावी एवढीच त्यांची घाई होती. मी सही केली नाही. आदेशाच्या पोचपावतीवर 'वसुली मान्य नाही' असं लिहून तारीख टाकली आणि दुसऱ्याच दिवशी निवेदन आवकला देऊन शिक्का घेतला. आयुष्य आस्थापनेच्या टेबलावर गेल्यामुळे कागदाची किंमत मला ठाऊक होती. माझ्याआधी निवृत्त झालेल्या एका शिपाईमामांनी त्याच संमतीपत्रावर अंगठा दिला होता, त्यांच्या उपदानातून रक्कम गेली. ते आठवलं की आजही जीव तुटतो.

मग मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, मूळ अर्ज दाखल केला. वकीलसाहेबांचा मुख्य आधार होता सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०१४ चा निकाल, पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह. गट क आणि गट ड चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून अधिक काळ जास्त रक्कम मिळत आलेले, अशांकडून वसुली करता येत नाही. मी तिन्हींत बसत होते.

घाबरवलं ते वचनपत्राने. सहाव्या आयोगाचा विकल्प भरताना, २००९ साली, सगळ्यांनीच छापील नमुन्यावर सही केली होती: जादा रक्कम दिली गेल्यास परत करीन. सेवापुस्तकात चिकटवलेला तो पिवळा पडलेला कागद आणि त्यावर निळ्या शाईतली माझीच सही पाहून पोटात गोळा आला. वकीलसाहेब म्हणाले, "लपवू नका, सरकार पक्ष तोच काढणार आहे." झालंही तसंच. सरकारची बाजू मांडणाऱ्या सादरकर्त्या अधिकाऱ्यांनी सर्वोच्च न्यायालयाचा जगदेव सिंग प्रकरणाचा २०१६ चा निकाल पुढे केला. त्यात असं हमीपत्र देणाऱ्याकडून वसुली वैध ठरली आहे. आमचं उत्तर असं होतं की तिथे कर्मचारी न्यायिक अधिकारी होता, गट क चा लिपिक नव्हे. शिवाय माझी वेतननिश्चिती मी केली नव्हती, काही दडवलंही नव्हतं. थॉमस डॅनियल विरुद्ध केरळ राज्य हा २०२२ चा निकाल इथे कामी आला. कर्मचाऱ्याने फसवणूक केलेली नसताना, कार्यालयाच्या चुकीने दिलेला पैसा निवृत्तीनंतर परत मागण्याचा तो विषय.

पहिल्याच तारखेला वसुलीला अंतरिम स्थगिती मिळाली. कार्यालयाने तेवढी रक्कम रोखून बाकीचं उपदान दिलं. पुढे शपथपत्रासाठी मुदतीमागून मुदत. साधारण सव्वा वर्षाने निकाल लागला: वसुलीचा आदेश रद्द, रोखलेली रक्कम तीन महिन्यांत द्यावी.

इथे अनेकांचा गैरसमज होतो म्हणून स्पष्ट लिहिते. वसुली थांबली, वेतनाची दुरुस्ती नाही. आधीची चूक सुधारण्याचा अधिकार शासनाला आहेच, त्यामुळे माझं निवृत्तिवेतन कमी केलेल्या मूळ वेतनावरच बसलं. त्याला मी हरकत घेतली नाही. ती वाढ मला नियमाने मिळायचीच नव्हती. भांडण होतं ते चौदा वर्षांत घरखर्चात, मुलीच्या फीमध्ये संपलेल्या पैशाचं.

रक्कम खात्यात आल्यावर मी कार्यालयात जाऊन सेवापुस्तक पाहिलं. लाल शेऱ्याखाली निकालाची नोंद आणि अधीक्षकांची सही होती. त्या पानाची छायाप्रत काढून घेतली आणि तीच प्रत शिपाईमामांना नेऊन दिली. त्यांचा अर्ज आता तयार होतो आहे. मुदत उलटून गेली आहे, म्हणून सोबत विलंब माफीचा अर्जही जोडला आहे.