रेखोबाला फोड कसा आला नाही

आईचा गुडघा बदलला, तिची मुक्ताईनगरची माघवारी चुकू नये म्हणून मी जातोय, असं सगळ्यांना सांगून निघालो. ते खोटं नव्हतं, पण अर्धंच होतं. चार वर्षं एक कादंबरी लिहितोय, ती एका नकाशावाल्यापाशी अडून बसली होती.

त्याचं नाव रेखोबा. जग मनातलं, त्यातली सात राज्यंही मनातलीच. ती सगळी त्याने पायी मोजली. हजार पावलं झाली की कमरेच्या दोरीला एक गाठ. जिथे पाऊल पडलं नाही तिथे रेघ ओढायची नाही, हा त्याचा नेम. साठ वर्षं चालून केलेल्या नकाशात वीतभर जागा कोरी राहिली आणि तो गेला. आता त्या वीतभर जागेसाठी सात राजे एकमेकांच्या उरावर बसलेत. कोरा कागद मी कुठून उचलला हे इकडच्या माणसाला सांगायला नको. चांगदेवाला मायना सुचला नाही म्हणून त्याने ज्ञानेश्वरांना कोरंच पत्र धाडलं. त्याला निदान पासष्ट ओव्यांचं उत्तर मिळालं. मला वाटलं, चालता चालता आपल्यालाही सुचेल.

चालताना काही सुचत नाही. नशिराबाद गेलं, भुसावळ गेलं. आमच्या दिंडीतल्या एका पोराच्या गळ्यात स्पीकर, पखवाज चालू असला तरी त्याचं वेगळंच चालू. विणेकरीबाबा हसून बघायचे, मला मात्र तो स्पीकर तापीत फेकावासा वाटायचा. आणि दीपनगरच्या वीजकेंद्राच्या चिमण्या! त्या लांबूनच दिसायला लागतात. तासभर चाला, दोन तास चाला, त्या तेवढ्याच लांब. रात्री एका शाळेच्या ओट्यावर झोपलो. शेजारचे माउली असे घोरत होते की पहाटे काकड्याला उठवायची गरजच पडली नाही.

वरणगावच्या पुढे दुपारी डाव्या टाचेत काहीतरी फुटल्यासारखं वाटलं. नवे बूट, महागातले. 'चालायला खास' म्हणून घेतलेले. माघातली पहाट कुडकुडवते आणि दुपारी डांबर तापतं, हे ठाऊक असूनही जाड मोजे घातले होते. लंगडत लंगडत मागे पडलो. टाळ ऐकू येईनासे झाले. एकीकडे ट्रक, दुसरीकडे केळीची वाळलेली पानं, आणि मी मनात मुक्ताईलाच सुनावतोय की हे तुझं बरं आहे बाई, बोलावतेस कशाला?

दुसऱ्या कुठल्या तरी दिंडीतली एक म्हातारी रस्त्याच्या कडेला पाणी पीत बसली होती. मला बघून म्हणाली, “बैस अठी. काढ तो बूट.”

मी नको नको म्हणत होतो, तोवर तिने माझा पाय मांडीवर घेतलासुद्धा. वारीत आपल्या पाया सगळेच पडतात, त्याची सवय होते. मांडीवर पाय घेतल्यावर मात्र लाजेने जीव अर्धा झाला. फोड चांगला रुपयाएवढा. तिने कमरेच्या पिशवीतून सुई काढली, काडी ओढून टोक लाल केलं, निळा दोरा ओवला. दोरा तेलात बुडवला, हळदीत घोळवला. सुई फोडाच्या एका कडेने घालून दुसऱ्या कडेने काढली आणि दोऱ्याची दोन्ही टोकं बाहेर ठेवून कापली. पाणी दोऱ्यावरून थेंब थेंब उतरायला लागलं.

“दोरा ओढू नको. कातडं बी सोलू नको. आपोआप निंघते. काय करतो रे तू?”

“पुस्तक लिहितो.”

“कशाचं?”

दुखण्यावरून लक्ष उडवायला मी अख्खा रेखोबा सांगितला. गाठी, सात राज्यं, कोरी वीत, सगळं. ती सुई दातांत धरून ऐकत होती.

“साठ वरीस चालला?” सुई काढून म्हणाली. “मंग त्याले जेवाले कोन घाले?”

मी म्हटलं, राजे असतील की. माझं मलाच ते पोकळ वाटलं.

“राजे कायले घालतील!” आणि तिने पुढचा रस्ताच म्हणायला घेतला. अमक्या फाट्याला हापसा, पण पाणी मचूळ. त्याच्या पुढे चिंच होती, रस्ता रुंद केला तेव्हा तोडली. तिथून तिसरं घर, घरवाली नाक मुरडते पण ताक देते. पुढच्या मारुतीपाशी निजू नको, डास. शेतातल्या विहिरीवर कुत्रं आहे, नुसतं भुंकतं. मी वही काढायला गेलो, ती सामानाच्या टेम्पोत.

मग बूट पिशवीत टाकून, तिच्या जास्तीच्या चपलांत निघालो. मारुतीपर्यंत आठवलं. हापसा चिंचेच्या आधी की नंतर, तिथे गडबडलो आणि मचूळ पाणीच प्यालो.

दशमीला केळीच्या पानावर वरण-बट्टी, घोटलेली वांगी. एकादशीला दर्शन झालं. रांग मोठी होती. महाशिवरात्रीला चांगदेव गावी तापी-पूर्णेच्या संगमात पाय सोडून बसलो, तर स्पीकरवालं पोरगं शेजारी येऊन बसलं. स्पीकर बंद होता. म्हणालं, “काका, चार्जिंग संपली.” आणि त्याने स्वतःच ताटीचा अभंग धरला. गळा गोड होता हरामखोराचा. मला रडू आलं.

घरी आल्यावर तिसऱ्या दिवशी दोरा चादरीत सापडला. आईने उचलून उजेडात धरला.

“निळा?” ती म्हणाली. “आमच्यात काळा घालायचे. कुणी घातला रे?”

नाव विचारायचं राहूनच गेलं होतं. चपला अजून दाराशी आहेत.